सत्कार माझा, प्रश्न यांना

मैत्रिणींनो, वीस वर्षं विज्ञानकथा लिहितेय. यंदा माझ्या यंत्रमाणसाच्या कथेला पुरस्कार मिळाला, म्हणून आज अंबडला माझा सत्कार होता.

भाषणानंतर एका गृहस्थांनी पहिल्या रांगेतल्या माझ्या नवऱ्याला विचारलं, "सर, तुम्ही विज्ञान शिकवता. यंत्रमाणसाची कल्पना तुमचीच असंल ना?"

हे हसून म्हणाले, "सुचतं आपलं काहीतरी."

लोकांनी टाळ्या वाजवल्या!

घरी येताना गाडीवर मी विचारलं, "अहो, ती कथा तुम्ही अजून वाचलीबी न्हाई. मंग असं का सांगितलं?"

"चारचौघांत कशाला वाद घालायचा?"

तेव्हापासून एकच शंका डोक्यातून जात न्हाई. शाळेच्या स्टाफरूममध्ये हे माझ्या कथांबद्दल इतकी वर्षं काय सांगत आले असतील?

सोमवारी पेढे घेऊन तिथं जाणार आहे, आणि सगळ्यांसमोर हेच विचारणार आहे. तुम्ही काय केलं असतं?