भायर कोण बसलंय का?

जेवणाची सुट्टी झाली की डबा उघडण्याआधी आमचे भाऊसाहेब कोर्टाच्या व्हरांड्यात यायचे. बाकावरच्या एकेकाला विचारायचे, "तुमचा पुकारा झाला का?" मग माझ्याकडे वळून, "भायर कोण बसलंय का, बघत जा गो बाय."

तुम्ही कधी तालुक्याच्या कोर्टात गेला असाल तर तो बाक तुमच्या ओळखीचा असेल. डोळखांबकडच्या पाड्यांवरून पहाटे निघालेली माणसं त्यावर अंग चोरून बसलेली असतात, आपलं नाव कोणी पुकारेल म्हणून. ते पुकारायचं काम माझं.

मी हिंगोलीकडची. सातवीत शाळा सुटली, नवऱ्यामागे या मुलखात आले आणि कोर्टात हंगामी शिपाई म्हणून लागले. कोण कधी 'उद्यापासून येऊ नका' म्हणेल या धास्तीने पुकारासुद्धा दबकत करायची. वकील हसायचे. एकदा भाऊसाहेब हातातलं काम टाकून बाहेर आले, थेट फाटकापाशी जाऊन उभे राहिले.

"हितपर्यंत आलं पायजे नाव. मार हाक!"

मी मारली.

"नाय आलं."

पुन्हा मारली.

"आता आलं. आता तुला कोण काढतंय?"

त्या हाकेवर माझा संसार उभा राहिला. पुढे नोकरी कायम झाली. आज भाऊसाहेब नाहीत, पण सुट्टीत बाकावरच्या माणसांना मी तेच विचारते.

भाऊसाहेब म्हणजे कारकून. ऑफिसात त्यांना 'दुपारकर' म्हणत. का, ते शेजारच्या टेबलावरचे आण्णा रंगवून सांगायचे. "हा आन मी एकाच दिवशी लागलो. मी सकाळी साहेबांपुढं जाऊन उभा. हा पण सकाळीच आलेला, पण बसला बाकावर! पुकारा झाल्याबिगर आत जायचं नसतं, असं वाटलं याला. जेवणाच्या सुट्टीत शिपायानं विचारलं, 'केस कुठली?' तर म्हणतो, 'केस नाय, नोकरी हाय!'"

सगळे हसायचे. भाऊसाहेब सर्वांत जास्त. पण हजर झाल्याच्या कागदावर आण्णांपुढे 'मध्यान्हपूर्व' लागलं आणि यांच्यापुढे 'मध्यान्हानंतर'. तेवढ्या अर्ध्या दिवसाने आण्णा कायमचे वरिष्ठ झाले.

मग अधीक्षकाची जागा रिकामी झाली. जागा एकच, आणि बढतीला आण्णांचं नाव वर. भाऊसाहेबांनी हरकत घेतली. 'भरतीच्या निवड यादीत माझं नाव आधी होतं, ज्येष्ठता त्यावर धरा,' असं त्यांचं म्हणणं. वर्षानुवर्षं एका डब्यात जेवलेले ते दोघे आता पाठीला पाठ लावून बसू लागले. "काय दुपारकर, झाला का तुमचा पुकारा?" येता-जाता लोक डिवचायचे.

मला राहवेना. चहा ठेवताना मी भीत भीत म्हणाले, "कशाला ओ भाऊसाहेब? थोडी वर्षं राहिलीत. आण्णा काय परके हायेत?"

त्यांनी पेन खाली ठेवलं. "आण्णा वर गेला तर मला वाईट नाय वाटणार गो. पण कागद म्हणतो, मी उशिरा आलो. मी उशिरा नाय आलो. मी भायर बसलेलो."

वरून निकाल आला. निवड यादीच धरली. भाऊसाहेब अधीक्षक झाले. मला तर माझीच बढती झाल्यासारखं वाटलं. जुन्या कागदावरचं 'मध्यान्हानंतर' मात्र तसंच राहिलं. ते कोण खोडणार?

नव्या जागी हजर व्हायचं त्या सकाळी ते सगळ्यांच्या आधी आले आणि बाकावर बसले. इस्त्रीचा शर्ट, मांडीवर कापडी पिशवी. ऑफिस भरलं तरी उठेनात. आत जायचं म्हणजे आण्णांच्या टेबलासमोरून जावं लागणार होतं.

मी आत गेले. आण्णांनी मान वर न करता विचारलं, "भायर बसलाय का?"

"हो."

"मग हितं काय करतेस? हाक मार त्याला. तेव्हा कोनी मारली नव्हती."

मी दारात आले. छातीत मावेल तेवढा श्वास घेतला. त्यांचं नाव, वडलांचं नाव, पाड्याचं नाव घेतलं आणि ओरडले, "हाऽजिर होऽऽ!" फाटकाबाहेरचा रिक्षावालासुद्धा वळून बघायला लागला.

भाऊसाहेब उठले. पिशवी पोटाशी धरून म्हणाले, "हाय, हाय. हाजिर हाय."

आण्णा माझ्यामागे येऊन उभे राहिले होते. त्यांनी भिंतीवरच्या घड्याळाकडे बघितलं आणि अख्ख्या ऑफिसला ऐकू जाईल असं म्हणाले, "मध्यान्हपूर्व! लिवून घ्या रे."