एझ्रा गेजची सही

एझ्रा गेज आमच्या इंग्लंडमधल्या नॉरफॉकातल्या गावचा घोडेवाला. नांगराच्या घोड्यांशी तो जितकं बोले, तितकं माणसांशी बोलत नसे. राहायचं घर शेतमालक थर्टल साहेबांचं, नोकरीसोबत मिळालेलं. नोकरी गेली की घरही गेलं. लग्नात चर्चच्या वहीत त्याने सहीच्या जागी फुली मारली होती आणि त्याच्या बायकोने, हॅनाने, खाली ठसठशीत नाव लिहिलं होतं. ते त्याच्या इतकं जिव्हारी लागलं, की तिशीत रात्रशाळेत जाऊन तो अक्षरं गिरवायला लागला. फुली म्हणजे अडाण्याचं काम, हे तेव्हापासून त्याच्या डोक्यात पक्कं बसलं.

आमचे खासदार वारले आणि पोटनिवडणूक लागली. हुजूर पक्षाने थर्टल साहेबांच्या मेव्हण्याला उभं केलं. एझ्रा आजवर मत द्यायला कधी फिरकलाच नव्हता. मालकाला दुखवायचं नाही आणि मनाविरुद्धही द्यायचं नाही, असा त्याचा हिशेब. पण त्या हिवाळ्यात मजुरी कापली गेली.

"यंदा मजूर पक्षालाच देणार," माझ्या दुकानात बुटाला टाच ठोकून घेताना तो म्हणाला.

"हळू बोल बाबा. घर कोणाचं आहे?"

"पेटीत कोण डोकावतंय?"

हॅना शेजारीच उभी होती.

मतमोजणीला थर्टल साहेब मेव्हण्याच्या बाजूने टेबलाशी बसले होते. बाद मतपत्रिका दोन्ही पक्षांना दाखवायची पद्धत आहे. त्यातल्या एकीवर, मजूर उमेदवारासमोर, वळणदार अक्षरात लिहिलं होतं : एझ्रा गेज.

दुसऱ्या दिवशी साहेब तबेल्यात आले.

"गेज, तिथे नुसती फुली मारायची असते."

"मला लिहिता येतं, मालक."

"ते दिसलं मला. टेबलावरच्या सगळ्यांनाच दिसलं. आता तुला ठेवलं तर लोक मला हसतील. ऑक्टोबरात घर मोकळं कर."

मेव्हणा तर आरामात निवडून आला होता. साहेबांचा मला अजून राग येतो.

ऑक्टोबरात मी सामान बांधू लागायला गेलो. एझ्रा घोड्यांचा निरोप घ्यायला गेला होता. हॅना कपबश्या पेंढ्यात गुंडाळत होती.

"एवढं करून मत बादच झालं," मी म्हणालो.

"त्याचं झालं. माझं धरलं त्यांनी." तिने वर पाहिलं नाही. "हे घर राहावं म्हणून मी साहेबांच्या मेव्हण्याला दिलं. एझ्राला सांगू नकोस."