भिंगरीचं वाक्य

शुभा परुळेकर कुत्र्यांना बोलायला शिकवते, असं आमच्या इमारतीतली मुलं एकमेकांना सांगायची, आणि ते अगदीच खोटं नव्हतं. परदेशातून येणाऱ्या कार्टून मालिकांचे मराठी संवाद ती लिहिते. गिरणी बंद पडल्यावर तिचे वडील परळ सोडून दहिसरला चाळीत राहायला आले. पुढे चाळ गेली आणि तिथे आमची इमारत उभी राहिली. आईवडील गेले, शुभानं लग्न केलं नाही. दुसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत ती कानाला हेडफोन लावून बसलेली असते आणि पडद्यावरच्या जनावरांच्या तोंडाकडे टक लावून बघत पुटपुटत असते. सुरुवातीला ती अंधेरीच्या एका डबिंग स्टुडिओत नुसतं टायपिंग करायची. दुसऱ्यांचे संवाद टाइप करताकरता दुरुस्त करायला लागली आणि हळूहळू लिहिणंच तिच्याकडे आलं.

'पाच शेपट्या' हे तिचं सगळ्यात गाजलेलं काम. एका पडक्या दीपगृहात राहणारे पाच कुत्रे, आणि कुणी संकटात सापडलं की त्यांचं धावत जाणं, एवढीच गोष्ट. पण नावं शुभानं ठेवली होती. भिंगरी, ठोंब्या, मिरची. मुलांना ती इतकी आपली वाटली की ते कुत्रे मुळात दुसरी भाषा बोलतात, हे कुणाला खरंच वाटत नसे.

आणि खऱ्या कुत्र्यांना ही बाई भयंकर घाबरायची. गेटपाशी एखादा कुत्रा नुसता आडवा पडलेला असला तरी वॉचमनला हाक मारायची. आम्ही हसायचो. कारण तिनं मला पुष्कळ नंतर सांगितलं. लहानपणी मे महिन्यात ती परुळ्याला काकाकडे गेली होती. शेजारी बाळा नावाचा माडावर चढणारा गडी राहायचा, दोन मुलांचा बाप. शिमग्यात त्याच्या पोटरीला कुत्रा चावला होता. त्यानं वर चुना लावला आणि कामाला गेला. शुभा पोचली तेव्हा त्याला पडवीत कोंडून ठेवलं होतं. काकू सगळ्यांना हळू आवाजात बजावत होती, "तेका पाणी दाखवू नका रे." दाराच्या फटीतून तिनं काय पाहिलं ते तिनं मलाही सांगितलं नाही.

शुभाच्या समोरच्या दारात मानसी राहते. नवरा सिद्धेश जहाजावर, वर्षातले बरेच महिने बाहेर. मानसीचं ऑफिस अंधेरीला. म्हणून त्यांची इरावती, म्हणजे दुसरीतली इरा, शाळेतून आली की थेट शुभामावशीकडे. जेवायचं, टीव्ही बघायचा, आई येईपर्यंत तिथेच.

घटस्थापनेच्या आदल्या दिवशी दुपारी इरा थालीपीठ खात 'पाच शेपट्या' बघत होती. भिंगरी एका अनोळखी शिकारी कुत्र्यासमोर उभी राहिली आणि गोष्टीतल्या मुलाला तिचं नेहमीचं वाक्य म्हणाली, "हात पुढे कर, दोस्ती कर!" हे वाक्य आमच्या इमारतीत जिन्याजिन्यात ऐकू यायचं. इरा मात्र त्या दिवशी त्याच्याबरोबर ओरडली नाही.

"मावशी, भिंगरी खोटं बोलते," ती म्हणाली. "हात पुढे केला तरी दोस्ती होत नाही."

शुभानं आधी हसून विचारलं की कुणाशी झाली नाही तुझी दोस्ती. इरानं उजव्या हाताची बाही वर केली. मनगटाच्या वर खपल्या धरलेले चार बारीक डाग होते. शुभानं ते आधीही पाहिले होते. मानसीनंही पाहिले होते आणि मलम लावलं होतं, कारण इरानं सायकलवरून पडले असं सांगितलं होतं. सायकलवरून पडल्यावर असे दोन-दोन समोरासमोर डाग पडत नाहीत, हे त्या क्षणापर्यंत दोघींच्याही लक्षात आलं नव्हतं.

शुभानं टीव्ही बंद केला आणि जमेल तितक्या शांतपणे एकेक विचारलं. कुत्रा तपकिरी होता, त्याचा एक कान फाटलेला होता. इमारतीच्या मागे नदीच्या भिंतीपाशी, नवीन टॉवरचं काम चाललंय तिथे. अनंत चतुर्दशीच्या दुसऱ्या दिवशी. म्हणजे सगळा पितृपक्ष मधे गेला होता. घरी का नाही सांगितलंस, यावर इरा म्हणाली की सांगितलं असतं तर कुत्रे पकडणारी गाडी येऊन त्याला घेऊन गेली असती. जखम बाटलीतल्या पाण्यानं धुतली, असंही तिनं अभिमानानं सांगितलं. बाळाच्या पोटरीवरचा चुना शुभाच्या डोळ्यांसमोर आला.

तिनं मानसीला फोन केला. चावा, जागा, दिवस, सगळं सांगितलं. हात पुढे का केला, ते सांगितलं नाही. मानसी म्हणाली की तू तिला घेऊन रुग्णालयात पुढे हो, मी मेट्रोनं येते.

रिक्षात शुभा इराच्या तोंडाकडे बघत राहिली. पोरीनं पाणी मागितलं. शुभानं घाईनं बाटली पुढे केली तशी निम्मं पाणी फ्रॉकवर सांडलं. इरा उरलेलं गटागटा प्यायली आणि मावशी अशी का बघते म्हणून तिच्याकडे बघायला लागली.

महापालिकेच्या रुग्णालयातली डॉक्टर तरुण होती, थकलेली होती, पण नीट बोलली. उशीर झालाय हे खरं, पण कितीही उशीर झाला तरी लस द्यायचीच असते, ती म्हणाली. एक इंजेक्शन जखमेभोवती टोचायचं, लस दंडात, आणि मग ठरलेल्या दिवशी पुन्हा यायचं, एकही दिवस चुकवायचा नाही. जखमेभोवती सुई गेली तेव्हा इरानं शुभाची ओढणी दातांत धरली. शुभानं मान दुसरीकडे वळवली नाही. आपण हे बघायलाच हवं, असं तिला वाटत होतं.

शेवटी डॉक्टरनं विचारलं, "कुत्रा कुठे आहे?"

माहीत नाही, शुभा म्हणाली.

"शोधता आला तर शोधा. चावल्यानंतर दहा दिवस तो धडधाकट राहिला असेल, तर चावला तेव्हा त्याला रेबीज नव्हता. आता तर त्याहून जास्त दिवस झालेत. तो आज जिवंत असेल तर काळजीचं कारण नाही. इंजेक्शनं तरीही सगळी घ्यायची."

आणि जिवंत नसेल तर, हे शुभानं विचारलं नाही.

एवढ्यात मानसी धावत आली. ऑफिसचं ओळखपत्र गळ्यात तसंच होतं. तिनं इराला उचलून घेतलं, एवढी मोठी मुलगी, आणि शुभाकडे बघून म्हणाली, "ताई, तू होतीस म्हणून." शुभाला ते शब्द सुईसारखे लागले.

कारण असं होतं. भिंगरीचं ते वाक्य मुळात लांब होतं. शुभानं पहिल्यांदा लिहिलं होतं, 'आधी त्याच्या माणसाला विचार, मग हात पुढे कर, दोस्ती कर.' स्टुडिओत पडद्यावर लावून बघितलं तर भिंगरीचं तोंड मध्येच मिटत होतं आणि शब्द उरत होते. रेकॉर्डिंग बघणारा सौरभ म्हणाला की छोटं कर. शुभानं पेन्सिल घेऊन सुरुवातीचा तुकडा उडवला. उरलेलं तोंडात चपखल बसलं, आणि ऐकायला झकास वाटलं. वाक्य इतकं लोकप्रिय झालं की पुढे दर भागात घालायला लागले. त्यातलं 'आधी विचार' कुठे गेलं, याचा कुणी विचार केला नाही. तिनंही नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी घराघरांत घट बसत होते आणि शुभा कुत्रा शोधायला निघाली. पर्समध्ये बिस्किटांचे पुडे, हातात छत्री. वॉचमन चंद्रप्रकाशला तिनं फाटक्या कानाच्या कुत्र्याबद्दल विचारलं. त्यानं डोकं खाजवलं. बरेच दिवस दिसला नाही, म्हणाला. आणि मग, तिला बरं वाटावं म्हणून असेल, त्यानं पुढची माहिती दिली. मागच्या आठवड्यात चेक नाक्याजवळ एक तपकिरी कुत्रा मेलेला पडला होता, पालिकेच्या गाडीनं नेला. त्याचा कान फाटलेला होता का? ते काही त्यानं बघितलं नव्हतं.

शुभा गेटच्या कठड्याला धरून उभी राहिली. घरी परत जावं, दार लावून घ्यावं, असं तिला वाटलं. पण समोरच्या दारात इरा असणार होती. ती मागच्या बाजूला वळली.

नदीच्या भिंतीकडेनं चालताना बिस्किटांच्या वासानं तीन-चार कुत्रे तिच्या मागे लागले. ते काही करत नव्हते, नुसते येत होते. ती थांबली की थांबत होते. एकाचं ओलं नाक तिच्या पोटरीला लागलं तेव्हा तिच्या तोंडातून आवाजच फुटेना. भिंतीला पाठ लावून ती किती वेळ उभी होती, तिला आठवत नाही. एवढंच आठवतं की तिनं प्रत्येकाचे कान बघितले. सगळे धड होते. तिनं एक पुडा लांब फेकला. कुत्रे तिकडे पळाले, तशी ती टॉवरच्या पत्र्याच्या कुंपणातून आत शिरली.

सणामुळे काम बंद होतं. वाळूच्या ढिगामागे सिमेंटचे मोठे पाइप रचून ठेवले होते. तिनं दोन पाइपांत वाकून बघितलं. तिसऱ्यापाशी ती वाकायच्या आतच आतून गुरगुर आली.

पाइपातून कुत्रा बाहेर आला तो सरळ तिच्या अंगावर. शुभाच्या हातून छत्री पडली, पर्स पडली. पळायचं तिच्या मनात आलं, पण पाय हलले नाहीत. कुत्रा दोन हातांवर येऊन थांबला, दात दाखवत. डावा कान मधोमध फाटलेला. पोटाखाली आचळं लोंबत होती. ती कुत्री होती, आणि तिच्या मागे पाइपात काहीतरी बारीक कुईकुई चाललं होतं.

शुभा रडायला लागली. भीतीनं की कशानं, तिलाही कळलं नाही. कुत्री जरा वेळ गुरगुरली, मग पर्समधून बाहेर पडलेल्या पुड्याशी आली, कागदासकट तो खाल्ला, आणि वाळूशेजारच्या डबक्यात तोंड घालून लपलप पाणी प्यायला लागली. पुष्कळ प्यायली. शुभा त्या जिभेकडे बघत राहिली. मग तिनं मोबाइल काढला. बरेच फोटो हलले, एक नीट आला.

इरानं फोटो बघताक्षणी ओळखलं. "हीच. मी तिच्या पिल्लाला हात लावत होते," ती म्हणाली. पिल्लांची गोष्ट तिनं आतापर्यंत कुणाला सांगितलीच नव्हती. पिल्लांना गाडी नेईल ही भीती तिला जास्त होती.

मानसी मटकन खाली बसली आणि हसायला लागली, हसताहसता डोळे पुसायला लागली. शुभानं तेवढ्यात घरी जायला हवं होतं, असं मला वाटतं. निदान त्या दिवशी तरी. पण तिला राहवलं नाही. इराला आत पाठवून तिनं वाक्याची सगळी हकीकत सांगितली.

मानसीनं शेवटपर्यंत ऐकलं. मग विचारलं, "सुरुवातीचा तुकडा कापला कुणी?"

"मी."

"आणि हे तुला काल रुग्णालयातच माहीत होतं?"

"हो."

मानसी उठून इराकडे आत गेली. ओरडलीही नाही. इंजेक्शनांना ती इराला एकटीच घेऊन जायला लागली. शाळेनंतर इरा स्टेशनजवळच्या पाळणाघरात जायला लागली. जिन्यात भेट झाली तर मानसी मान हलवायची, बस. शुभा मला म्हणाली की ती भांडली असती तर बरं झालं असतं. कुत्री जिवंत आहे, धोका नाही, हे माहीत असूनही इरा जिन्यात खोकली तरी शुभा हातातलं काम टाकून कान देऊन बसायची.

ती स्टुडिओत जाऊन सौरभला भेटली. झालेले भाग बदला, म्हणाली. सौरभनं ऐकून घेतलं, त्यालाही वाईट वाटलं, पण ते भाग केव्हाच वाहिनीकडे गेले होते आणि ते आता कुणी उघडणार नव्हतं. तेव्हा शुभानं अजून आवाज न भरलेल्या पुढच्या भागांच्या चित्रफिती मागून घेतल्या आणि घरी बसून फक्त भिंगरी शोधली. एका ठिकाणी ती समुद्राकडे तोंड करून बसलेली सापडली, कॅमेऱ्याकडे पाठ. तोंड दिसत नव्हतं, म्हणजे कितीही शब्द बसले असते. तिथे मूळ मालिकेत नुसता लाटांचा आवाज होता. शुभानं भिंगरीला बोलायला लावलं की न विचारता कुठल्याही कुत्र्याला हात लावायचा नाही, आणि चावलंच तर पहिल्यांदा घरी सांगायचं. सौरभनं ते ठेवलं. वाहिनीवाल्यांना काही कळलं नाही, की कळूनही ते गप्प बसले, कोण जाणे.

तो भाग दाखवला गेला, त्याबद्दल आमच्याकडे कुणी विशेष बोललं नाही. ते वाक्य काही जिन्यात ऐकू आलं नाही. लांब होतं.

दिवाळीनंतर एका दुपारी शुभाची बेल वाजली. दारात मानसी उभी, ऑफिसच्या कपड्यांत, घाईत. शेजारी इरा, दप्तर घेऊन. पाळणाघरवाल्या बाई गावाला गेल्यात, मानसी म्हणाली. आज ठेवशील का?

नाही म्हणावं, असंच शुभाच्या मनात पहिल्यांदा आलं. या मुलीचं काहीही आता पुन्हा आपल्या हातात नको. इरा तोवर तिच्या बाजूनं आत शिरली होती आणि चपला न काढताच टीव्हीचा रिमोट शोधत होती.

"ठेवते," शुभा म्हणाली. "आज काय देऊ खायला हिला?"

"काहीही दे," मानसी जिना उतरताना म्हणाली. "तिला तुझं सगळं चालतं."