सुमनताईंवरचं गाऱ्हाणं

लॅपटॉप बंद केला की सुमनताई परसातल्या विहिरीवर जात आणि मासे साफ केल्यासारखे कोपरापर्यंत हात धूत. मग शांतपणे जेवायला बसत. त्या कॉलेजात मानसशास्त्र शिकवत आणि मी त्यांच्या संशोधनातली मदतनीस. विषय पाहुण्यांसमोर सांगायची सोय नाही असा: बायकांना चोरून पाहण्याची, नकळत त्यांचे फोटो काढण्याची विकृती असलेले पुरुष आणि इंटरनेटवरचे त्यांचे गट.

"एकटो आसताना माणूस लाजता," त्या म्हणत. "तसलेच धा जण भेटले काय तेकाच मर्दुमकी म्हणतत." त्यातलाच एखादा रडत मेसेज करायचा, मला यातून सुटायचंय म्हणून. त्याला त्या डॉक्टरकडे पाठवत. मला किळस यायची. "घाण बघूक नको, मगे झाडू खंय मारतलंस गो?" हे त्यांचं ठरलेलं उत्तर.

एके दिवशी अशाच एका गटात कुणकेश्वरच्या जत्रेतला फोटो आला. समुद्रस्नानानंतर आडोशाला कपडे बदलणारी बाई, आणि खाली पुरुषांची वाहवा. ताईंनी तिला ओळखलं. त्यांच्याच वाडीतली शेवंती. ताईंनी पोलिसांत तक्रार केली, फोटो काढून टाकायला लावला. टाकणारा निघाला गावच्या मानकऱ्याचा मुलगा. फोटो शेवंतीचा होता हे मात्र वाडीत कुणाला कळू दिलं नाही, खुद्द शेवंतीलाही नाही.

पोलीस आले आणि गावाची मान खाली गेली. पोरामुळे नव्हे, पोलिसांमुळे! ही बाई तसल्या गटात होती म्हणून तिला दिसलं, म्हणजे नाद तिलाच, असं आमच्या हुशार लोकांनी ठरवून टाकलं. गणपतीत भजनवाले ताईंचं घर वगळून पुढे गेले.

मग देवळात गाऱ्हाणं घातलं गेलं. एकाने देवाकडे मागायचं, बाकी गावाने होकार भरायचा, अशी रीत. मागायला उभा राहिला तोच मानकरी.

"बा देवा म्हाराजा, ह्या बाईन गावाचा नाव घाण केल्यान. तिका गावाभायर काढ रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" सगळे ओरडले. शेवंतीचा आवाज सगळ्यांच्या वर होता. ताई खांबाशी उभ्या राहून ऐकत होत्या.

बाहेर आल्यावर माझा तोल सुटला. "ताई, तिला सांगून टाका. आत्ताच्या आत्ता. तुमचं घर जातंय!"

"आणि तिना बावीत उडी मारल्यान तर? माका काढल्यानी तर मी खंयव जायन. ती खंय जातली?"

आईवडिलांच्या घराला कुलूप लावून त्या ओरोसला भाड्याच्या खोलीत राहायला गेल्या. तिथे फार दिवस जगल्या नाहीत. खांदा द्यायला वाडीतून कोणी आलं नाही. त्या गावाचा मला आजही संताप येतो.

गाऱ्हाणं पावलं म्हणून देवळात नारळ मात्र फुटला. तो शेवंतीने दिला होता.