कोपरापर्यंत हात

डॉक्टरीणबाई कुणाच्या घरी बसल्याचं मला आठवत नाही. अंगणात स्कूटर लावायच्या, पण बंद करायच्या नाहीत. चहा उभ्यानं, बशीत ओतून, घाईघाईनं. आईनं पाट पुढे केला की म्हणायच्या, "नको वहिनी, बसले की गंजते मी."

त्या खऱ्या डॉक्टर नव्हत्याच. आमच्या मुरबाडकडच्या गावांत जनावरांना लस टोचायला यायच्या. पदवी लोकांनी दिली होती. मूळच्या कल्याणच्या. नवरा गेल्यावर त्याच्या जागी लागल्या. "पहिल्या दिवशी गाय नुसती वळली, तर मी कुंपणावर चढले!" असं हसत सांगायच्या.

मी तेव्हा बीकॉम होऊन घरी होते. बँकेच्या परीक्षा हुकल्या होत्या, शहापूरच्या कापडदुकानातलं काम सोडलं होतं. दिवसभर ओटीवरून परसात, परसातून ओटीवर. बाईंनी एकदा आईला ऐकवलं, "ही पोर भोवऱ्यासारखी फिरतेय. हिला काय तरी धरायला द्या."

मग एका दुपारी आमची म्हैस अडली. बाई आल्या त्या उजव्या हाताला प्लास्टर घालून, शेजाऱ्याच्या गाडीवर मागे बसून. वाकून पाहिलं. "नाक दिसतंय, पाय एकच. दुसरा आत दुमडलाय." आणि माझ्याकडे वळल्या. "बांगड्या काढ."

"मी?"

"तुझा हात बारीक हाय. नखं काप, साबण लाव."

आई मध्ये पडली. "अवो, तिला उलटी होईल."

"होऊ दे. करून परत येईल."

कोपरापर्यंत हात आत गेला. आत भट्टीसारखं गरम. कळ आली की दंड पिळवटून निघायचा. मी खरंच गोठ्यामागे जाऊन ओकले आणि परत आले. बाई कानाशी सांगत होत्या, "कळ थांबली की रेडकू मागं लोट. आता खूर मुठीत झाक, म्हंजे आत फाटणार नाय. ओढ."

रेडकू पेंढ्यावर पडलं. हलेना. बाईंनी गवताची काडी त्याच्या नाकात घालायला लावली, तेव्हा ते शिंकलं.

रात्री भाताचा घास हातात धरवेना. पण कित्येक दिवसांनी मी ओटीवर एका जागी बसले होते.

पुढच्या आठवड्यापासून बाईंच्या मागे स्कूटरवर हिंडू लागले. नंतर पशुसंवर्धनाचा कोर्स केला. बाई निवृत्त होऊन नाशिकला मुलाकडे गेल्या. तिथेही त्यांचं मन लागत नाही, असं कानावर यायचं.

मी एकटीनं केलेल्या पहिल्याच बाळंतपणात गाय वाचली, वासरू गेलं. घरच्या म्हातारीनं माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. मी रस्त्यावर येऊन बाईंना फोन लावला आणि रडत सुटले. मला हे जमणार नाही, म्हणाले.

त्यांनी सगळं ऐकून घेतलं. समजूत काढली नाही.

"उद्या कुठं बोलावलंय?"

"टोकावड्याला. एक गाय आहे."

"मग हात धू गो, आणि झोप."

ते आमचं शेवटचं बोलणं. दिवाळीनंतर त्या गेल्या. त्या फोननंतर सकाळी मी टोकावड्याला गेले होते.