पाटावर कोण बसलं

“जोडपं लागतं म्हन्लं ना! जोडपं! नवरा-बायको!”

ताईंचा भाऊ असा ओरडला, की नव्या घराच्या ओल्या रंगाला तडा गेला. समोरच्या मोकळ्या प्लॉटवर बांधलेल्या म्हशीनं रवंथ थांबवला आणि पुढं आठ दिवस दूध दिलं नाही, असं तिचा मालक आजही सांगतो. म्हैस भाकड होती ही गोष्ट वेगळी, पण माणसाच्या शब्दाला मान द्यावा.

अंबडला जालना रोडच्या अंगाला नवी प्लॉटिंग पडली, तिथं माझ्या घराला लागून हे घर. त्या सकाळी त्याची वास्तुशांत. हॉलमध्ये होमाच्या विटा रचलेल्या, समोर दोन पाट, पाटांभोवती रांगोळी. पाटांशेजारी दोन बायका उभ्या. दोघींच्या साड्या एकाच रंगाच्या, वांगी रंग आणि बारीक जरीचा काठ. एकीला सगळे बाई म्हणायचे. त्या कुंभार पिंपळगावला शाळेत शिकवायच्या. दुसऱ्या ताई, तिथंच दवाखान्यात नर्स. नावं मी सांगणार नाही. घर दोघींचं होतं एवढं ध्यानात ठेवा, कारण त्या दिवशी ते कुणाच्याच ध्यानात राहिलं नाही.

“आम्ही दोघी बसतोत,” बाई म्हणाल्या.

“दोघी? दोघी कशा बसताल? उद्या गावात मी तोंड कुठं घालू?”

“तोंड हाय तिथंच राहू द्या की, भाऊ. नुसतं बंद ठेवा,” माझी बायको पुटपुटली. तिचं पुटपुटणं नगरपालिकेपर्यंत ऐकू जातं.

गुरुजी तरणे, मोटारसायकलवर आल्ते. बाईंनी त्यांना स्पीकर लावून फोनवर आधीच विचारून ठेवलं होतं, आणि “घर ज्याचं त्यानं बसावं, माझी काही हरकत न्हाई,” असं ते म्हणाल्याचं मी माझ्या कानानं ऐकलं होतं. पण आता ते हातातली सुपारी बघायला लागले. उलटी करून बघितली, सुलटी करून बघितली. मी सोनाराला सोनं एवढं बघताना पाहिलेलं नाही.

मी कोण, तेही सांगतो. मी एसटीचा कंडक्टर. रिटायर झालो, पण गळा झाला नाही. अंबडच्या स्टँडवर मी “चला, पिंपळगाव!” म्हणालो की तिकडं घनसावंगीला लोक पिशव्या उचलायचे. एकदा मी बेल मारली तर मागून येणाऱ्या दोन ट्रक थांबल्या. अशा त्या अंबड-पिंपळगाव गाडीवर मी उभा जन्म काढला आणि या दोघी त्याच गाडीनं अप-डाउन करायच्या. आधी वेगवेगळ्या बसायच्या. मग एक दिवस ताईंनी खिडकीची जागा बाईंना दिली. खिडकीची जागा! मी नवऱ्यानं बायकोला दिलेली पाहिली नाही, भावानं भावाला दिलेली पाहिली नाही. दुनियेला कळायला कोर्ट लागलं, मला एक खिडकी पुरली. त्या दिवसापासून दारामागची दोघांची सीट मी त्यांच्यासाठी धरून ठेवायचो. एकदा तर आमदाराला उठवलं. आमदार म्हणजे आमदाराचा मेव्हणा, पण उठला.

मागं दिल्लीच्या मोठ्या कोर्टात बाईचं बाईशी, गड्याचं गड्याशी लग्न कायद्यात बसवायचं का, याची सुनावणी चालली होती. तेव्हा स्टँडसमोरच्या हॉटेलात भजे थंड होऊन राह्यले होते, एवढी चर्चा.

“आज हे, उद्या म्हणताल म्हशीसंगं लावा!” एकजण तावातावानं म्हणाला.

“तुला म्हैस तरी हो म्हणल का?” दुसऱ्यानं विचारलं.

तीन पोरींचा एक बाप कोपऱ्यातून म्हणाला, “मला तर बराबर वाटून राह्यलं. दोन्ही बी पोरीकडचे. हुंडा मागायला कोण? मांडवाबाहेर रुसून बसायला कोण?”

आमच्या गल्लीतले वकीलसाहेब तिथं असायचे. बोलायला सावकाश, पण एकदा सुरू झाले की चहावर साय धरायची. ते म्हणाले, “लग्न म्हंजे नुसता बँडबाजा न्हाई. दवाखान्यात सही कोणी करायची, मागं घर कोणाला, पेन्शन कोणाला, हे सगळं त्या एका नात्याला लटकलेलं हाय.”

मला ते पटलं, कारण शेजारच्या घराचं मी बघत होतो. कर्ज काढायला दोघी गेल्या तेव्हा बँकेतल्या साहेबानं सरळ विचारलं, तुमचं एकमेकींशी नातं काय? दोघी टेबलावरच्या काचेकडं बघत बसल्या. शेवटी कर्जही ताईंच्या नावावर झालं आणि घरही. हप्ता मात्र दोघींच्या पगारातून जायचा.

निकाल लागला. लग्नाचा हक्क कोर्टानं दिला नाही. कायदा करायचा तर संसदेनं करावा, असं वकीलसाहेबांनी आम्हाला फोड करून सांगितलं. सोबत राहायला मात्र बंदी नाही.

“म्हंजे गाडीत चढा, पण उभ्यानं प्रवास करा,” मी म्हणालो.

सगळं हॉटेल हसलं. मीही हसलो. खरं तर तिकिटाचं मोल माझ्याइतकं कुणाला माहीत? तिकीट असलेला माणूस दांडीला लोंबकळत असला तरी ताठ असतो. बिनतिकिटाचा सीटवर बसला तरी अंग चोरून बसतो, दर थांब्याला दाराकडं बघतो. हे मला माहीत होतं, आणि तरी मी हसलो, कारण वाक्य माझं होतं आणि चांगलं झालं होतं.

त्याच संध्याकाळी बाई आमच्या ओट्यावर आल्या. माझ्याशी नाही, माझ्या बायकोशी बोलल्या. “काकू, कोर्टानं न्हाई म्हणलं. पण आपल्या घरात एकदा जोडीनं पाटावर बसायचं तर त्याला कोर्ट लागत न्हाई ना?”

“बिलकुल न्हाई,” बायको म्हणाली. “पाट माझे घेऊन जा. सागवानी हायेत, माहेरचे.”

तर ते दोन पाट, ती रांगोळी, त्या दोन वांगी साड्या, सगळं त्याच्यासाठी होतं. त्यांना दुसरं काही नको होतं. एकदा, चार माणसांदेखत, आपल्या घरात, शेजारी-शेजारी बसायचं होतं.

आणि आता भाऊ पाटांपुढं आडवा उभा. ताईंची आई खुर्चीत, पदर तोंडाला लावून. एवढ्या वर्षांत लेकीकडं पहिल्यांदा आली होती. भाऊ तिला म्हणाला, “चल आई, ऊठ. इथं आपलं काही न्हाई.” म्हातारी उठायला लागली. ताईंनी एकदा आईकडं पाहिलं, एकदा बाईंकडं. बाईंनी काही खूण केली नाही.

मग मी माझं कसब काढलं.

गाडीत सीटवरून मारामारीची वेळ आली की माझा एक ठरलेला इलाज असायचा. दोघांपैकी कुणालाच बसू द्यायचं नाही. तिसऱ्याला बसवायचं. एखादी म्हातारी, एखादी लेकुरवाळी धरून आणायची आणि म्हणायचं, “बसा आजी.” दोघांची तोंडं बंद. गाडी चालू. या इलाजानं मी लग्नाची वऱ्हाडं शांत केलीत, मोर्चे शांत केलेत. माझी बदली तिकडं झाली असती तर सरहद्दसुद्धा शांत केली असती.

“हात्तिच्या!” मी म्हणालो. “जोडपं लागतं ना? मंग आम्ही काय पाव्हणे हाओत का? ऊठ गं, चल, बस.”

बायको हलली नाही. “अहो, त्यांना बसायचंय. दिसून न्हाई राह्यलं का तुम्हाला?”

“आधी गाडी तर चालू होऊ दे!”

“मी न्हाई बसत.”

“म्हातारी निघून चालली, ते तुला दिसून न्हाई राह्यलं का?”

तिनं ताईंकडं पाहिलं. ताईंनी डोळे मिटून मान हलवली, बसा अशी. बायको बसली, तिच्याच माहेरच्या पाटावर, आणि मला ऐकू येईल एवढंच म्हणाली, “तुमाला कुठं बसावं ते कळत न्हाई, हे मला साखरपुड्यालाच कळल्तं.”

भावाचा चेहरा एकदम सैल झाला. गुरुजींनी सुपारी खाली ठेवली. म्हातारी परत खुर्चीत टेकली. सगळ्या घरानं श्वास सोडला, आणि मी, खोटं कशाला सांगू, पाटावर बसून मिशीतल्या मिशीत हसून राह्यलो होतो. वाटलं, जिंकलो.

गुरुजींनी विचारलं, “यजमानांचं नाव? गोत्र?” मी माझं नाव सांगितलं, माझं गोत्र सांगितलं. माझ्या उपरण्याला बायकोच्या पदराची गाठ मारली. “हाताला हात लावा,” गुरुजी म्हणाले, बायकोनं माझ्या हाताला बोट लावलं, तेही विंचवाला लावावं तसं. कोपऱ्यातल्या खड्ड्यात वास्तुपुरुष ठेवला तो माझ्या हातानं. त्या घराच्या पायाशी माझ्या नावानं सगळं पुरून झालं, आणि घराचा हप्ता भरणाऱ्या दोघी आमच्या मागं उभ्या. नाही, एकच. ताई उभ्या होत्या. बाई स्वयंपाकघरात गेल्त्या.

नव्या घरात दूध उतू जाऊ द्यायची रीत आहे. पातेलं गॅसवर होतं. दूध वर आलं, कडेला लागलं, आणि बाईंनी गॅस बंद केला. दूध खाली बसलं.

“अहो मॅडम, उतू जाऊ द्यायचं असतंय!” कुणीतरी ओरडलं.

“राहू द्या,” बाई म्हणाल्या. “पुसायला मलाच लागतं.”

जेवणं झाली. जालन्याहून, गावाकडून भावाचे पाहुणे आल्ते. एकीनं बाईंकडं बघून विचारलं, या कोण? भाऊ हातातलं ताट सांभाळत म्हणाला, “मॅडम हायेत. भाडेकरू. वरच्या खोलीत राहतेत.” ताई शेजारीच वाढत होत्या. त्यांच्या हातातली पळी थांबली. त्या काही बोलतील म्हणून मी वाट बघितली. म्हातारी म्हणाली, “वरण घाल गं पोरी त्यांना.” ताईंनी वरण घातलं.

मला बोलता आलं असतं. घनसावंगीपर्यंत जाणारा आवाज होता माझा. पण माझ्या उपरण्याला अजून गाठ होती आणि पोटात जिलबी.

संध्याकाळी वकीलसाहेब आले. भाडेकरूची गोष्ट त्यांना कळल्ती. म्हणाले, “एक कागद असता, लग्नाचा नसेना, नुसता जोडीचा असता, तरी त्या गड्याचा आवाज खाली आला असता.” मग चपला घालताना म्हणाले, “आमच्या बौद्ध लोकांत नव्या घरात वंदना घेतेत. त्याला जोडपं लागत न्हाई. मला एक शब्द टाकला असता तर मी घेतली असती.” त्यांना शब्द टाकायचं कुणाला सुचलं नाही. मी तर शब्दांचंच दुकान चालवतो, पण तो माल त्या दिवशी माझ्याकडं नव्हता.

उन्हाळ्यात शाळेच्या बदल्या झाल्या. बाईंनी भोकरदनकडचं गाव मागून घेतलं. टेम्पोत एक कपाट, एक कॉट आणि पुस्तकांची खोकी चढली. ताई फाटकात उभ्या होत्या, दवाखान्याच्या पांढऱ्या साडीत, ड्यूटीला निघालेल्या. दोघी काही बोलल्या असतील तर आत बोलल्या असतील. म्हातारी महिनाभर राहून भावाकडं परत गेली. आता त्या घरात ताई एकट्या. नवा कंडक्टर सांगतो, अजून त्याच सीटवर बसतात, कडेला, आणि खिडकीकडं पिशवी ठेवतात. माझ्या गोष्टींत बारा आणे मीठ असतं, पण ही मी बनवलेली नाही.

मागं पुतण्याच्या सोयरिकीसाठी भोकरदनला गेल्तो. परतताना स्टँडवर बाई दिसल्या. केस थोडे पिकलेले, खांद्याला शाळेची पिशवी. मी लांबूनच हाक मारली आणि सगळा स्टँड वळला. त्यांनी मला चहा पाजला. बायकोची चौकशी केली, तिच्या गुडघ्याची केली, म्हशीचीसुद्धा केली. ताईंची केली नाही. मीच सांगत सुटलो. ताई कशा वाळल्या, वरच्या खोलीची खिडकी कशी उघडतच नाही, भाऊ आता कसा फिरकतसुद्धा नाही. त्या ऐकत होत्या. गाडी लागली. मला राहवलं नाही.

“चला बाई,” मी म्हणालो. “जालन्याला उतरू, तिथून अंबडची धरू. घर तुमचं हाय.”

त्यांनी पिशवी खांद्यावर नीट केली.

“पाटावर तुम्ही बसले होते, काका.”