तो मेला की वाचला

शहादा स्टँडवर सुरतेची बस लागली तेव्हा माझ्या हातात एकेचाळीस वस्तूंची यादी होती आणि प्रत्येकीवर खूण झालेली होती. बेचाळिसावी वस्तू धाकट्या भावाने, गोकुळने, खिडकीतून आत टाकली. त्याची जाडजूड चित्रकादंबरी. म्हणाला, "आक्का, शेवट वाच नी सांग. तो मरना का जगना?"

त्यातला महानायक कोसळता पूल खांद्यावर पेलतो. लोक पलीकडे जातात आणि पूल त्याच्यासकट नदीत पडतो. शेवटच्या चौकटीत फक्त ओला काठ आणि चिखलात उमटलेलं एक पाऊल. अक्कलकुवा सोडून बस गुजरातेत शिरली तोवर मी निकाल लावून टाकला होता. मेला.

सुरतेत कापडाच्या गोदामात पार्सलं रवाना करायचं काम मिळालं. चलन म्हणजे मालासोबत जाणारी पावती, गाठी, ट्रकचे नंबर. रविवारी गोकुळचा फोन यायचा. "आक्का, जेवनी का?" एवढं झालं की लगेच वाद. मी कारणं सांगायची: छातीत सळई घुसली होती, पाणी खोल होतं, पाऊल कुणाचंही असेल. त्याचं एकच उत्तर. "मढं कोठे शे? मढं नई तं मरना नई." मी हटले नाही की हसायचा. "तुले तं देवनं बी चलन लागस!" माझं लग्न झालं, मुलं कॉलेजात गेली, वाद तिथेच राहिला.

तीन वर्षांपूर्वी तापीला पूर आला. गोकुळ काठावरची पाण्याची मोटर काढायला गेला. मोटरसायकल सापडली. एक चप्पल सापडली. खालच्या अंगाच्या गावांची यादी करून मी नऊ दिवस फिरले, एकेक नाव खोडत. तो मिळाला नाही.

यंदा भाऊबंदांनी ठरवलं की पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी द्यायचा. देह न मिळालेल्या माणसाचं आमच्याकडे असंच करतात. सामानाची यादी अर्थातच माझ्याकडे आली. अंगणात बसून मी ती मायला वाचून दाखवली. पळसाची पानं, दर्भ, डोक्यासाठी नारळ. गोदामात वाचते त्याच आवाजात.

माय म्हणाली, "इतला वरीस तू त्या पुस्तकना मानूसले मारत ऱ्हायनी. आते मन्हा पोऱ्याले मारी ऱ्हायनी."

विधी झाला नाही. पानं अंगणात वाळून गेली.

माझ्यासारखे जे गाव सोडून आले, ते घरची आठवण म्हणून बरंच काही सांगतात. माझ्यापुरतं घर म्हणजे आता ती एकच जागा, जिथे माझं बरोबर असणं कुणालाच नको आहे. गोकुळ गेला, हे मला ठाऊक आहे. माय उंबऱ्याबाहेर ती एक चप्पल रोज पुसून ठेवते. मी घरी गेले की माझ्या चपला जरा लांब काढते. दुसरीला जागा राहावी म्हणून.